क्वार्टर आणि कागद

सरकारी नोकरीत राहायला क्वार्टर मिळाले की माणसाचे निम्मे प्रश्न सुटले, असे आमच्या लहानपणी सगळे म्हणत. मुलीसाठी स्थळ बघायला गेलेली माणसेही पगाराच्या आधी विचारत, ‘क्वार्टर मिळालंय का?’ नळ, संडास, वीज आणि दारावर रंगवलेला नंबर एवढ्या चार गोष्टी असल्या की ते दोन खोल्यांचे घर गावातल्या वडिलोपार्जित घरापेक्षा वरचढ ठरे. पण या घराचा एक कागद असतो, त्या कागदावर काही अटी असतात, आणि अट मोडल्याचा आरोप कोणी केला तर आपल्यालाही काही विचारता येते, हे फार थोड्यांना ठाऊक होते. आजही फार थोड्यांना ठाऊक आहे. म्हणून हे लिहिणे.

आमचे अब्बा केंद्र सरकारच्या एका खात्याच्या वर्कशॉपमध्ये फिटर होते. खात्याचे आणि गावाचे नाव इथे देत नाही. त्या वेळची माणसे आता तिथे नाहीत, आणि आमच्या घरी जे झाले ते कोणत्याही खात्यात होऊ शकते. विदर्भातले एक गाव, एवढे पुरे.

आम्ही पाच भावंडे त्या कॉलनीतच वाढलो. दोन खोल्या, पुढे ओटा, मागे पत्र्याची न्हाणी आणि कोंबड्यांचे खुराडे. समोरच्या क्वार्टरमधले काका कामगार संघटनेचे काम करीत. त्यांच्याकडे गणपती बसे तेव्हा आरतीच्या ताटाला आम्ही हात लावत असू, आणि ईदेला त्यांच्या घरी शिरखुर्म्याचा डबा सगळ्यांत आधी जाई. हे सगळे घर फुकट मिळालेले आहे, अशी बाहेरच्यांची समजूत असे. ती खरी नाही. क्वार्टरमध्ये राहणाऱ्याला घरभाडे भत्ता मिळत नाही, आणि वर पगारातून दरमहा लायसन्स फी कापली जाते. थोडक्यात, त्या घराची किंमत नोकर मोजत असतो. तरीही ते घर त्याच्या मालकीचे नसते, आणि भाडेकरूला संरक्षण देणारा कायदाही त्याला लागू होत नाही. अब्बा त्यासाठी एकच शब्द वापरत : अमानत. दुसऱ्याची वस्तू आपल्याकडे ठेवायला दिलेली. खिळा ठोकायचा तरी ते दहा वेळा विचार करीत.

१९८७ च्या उन्हाळ्यात आम्ही सगळे नानीच्या गावी लग्नाला गेलो होतो. घरी फक्त खालाचा मुलगा होता. आम्ही त्याला भाईजान म्हणत असू. खालाच्या खेड्यात दहावीनंतर शिकायची सोय नव्हती, म्हणून तो दोन वर्षांपासून आमच्याकडे राहून आयटीआय करीत होता. परीक्षा जवळ आल्यामुळे लग्नाला आला नाही. दुपारी दोन माणसे रजिस्टर घेऊन आली. ‘तू कोण? बापाचं नाव काय? इथं कधीपासून राहतोस? घरमालक कुठाय?’ त्याने सगळे खरे सांगितले. बापाचे नाव वेगळे, आडनाव वेगळे, आणि दोन वर्षांपासून राहतो. त्यांनी लिहून घेतले, सही घेतली आणि निघून गेले. आम्ही परतल्यावर त्याने हे सांगितले तेव्हा अब्बा म्हणाले, ‘तपासणी असते अशी. ठीक आहे.’

पुढच्या महिन्यात पगार हातात आला तो तीनशे ऐंशी रुपयांनी कमी. पगार सगळा मिळून चौदाशेच्या आत. चिठ्ठीवर लिहिले होते ‘डॅमेज रेंट’. अब्बा कचेरीत गेले. क्लार्क म्हणाला, ‘तुम्ही क्वार्टर पोटभाड्यानं दिलंय. वाटप रद्द झालं आहे. ऑर्डर वरून आलीय.’

‘ऑर्डर दाखवा.’

‘ती तुमच्यासाठी नाही. ऑफिसच्या कामाची आहे.’

त्या दिवशी अब्बा घरी आले तेव्हा रागावलेले नव्हते, चक्रावलेले होते. चोरी केल्याचा आळ आला असता तर चौकशी झाली असती, जबाब घेतले गेले असते. इथे आरोप, निवाडा आणि शिक्षा हे सगळे आमच्या पाठीमागे होऊन गेले होते, आणि आमच्यापर्यंत पोहोचली होती फक्त पगाराची चिठ्ठी.

अम्मीचे म्हणणे सरळ होते. ‘जाऊ द्या ना जी. सरकारशी कशाला भांडायचं? पोराला दुसरीकडे ठेवू. आपण गावात खोली बघू.’ खोली बघायला आम्ही दोन रविवार फिरलो. तीन ठिकाणी बोलणी ठरत आली आणि नाव सांगितल्यावर ‘कालच दुसऱ्याला दिली हो’ असे उत्तर मिळाले. या अनुभवाबद्दल आपल्या वाचकांना वेगळे सांगायला नको. क्वार्टर आमच्यासाठी काय होते, ते त्या दोन रविवारी कळले. दारावरचा तो नंबर आमचे नाव विचारत नव्हता.

समोरचे काका अब्बांना जिल्ह्याच्या गावी एका वकिलांकडे घेऊन गेले. वकिलांनी सगळे ऐकून घेतले आणि पहिला प्रश्न विचारला, ‘मिस्त्री, तुम्हाला नोटीस कधी आली?’ अब्बा म्हणाले, ‘नोटीस आलीच नाही.’ वकील म्हणाले, ‘मग अजून काहीच झालेलं नाही. जे झालंय ते बेकायदा झालंय.’ अब्बा हे वाक्य नंतर कितीतरी वर्षे आम्हाला ऐकवत.

वकिलांनी जे समजावले ते थोडक्यात असे. केंद्र सरकारच्या जागांतून अनधिकृतपणे राहणाऱ्यांना काढण्यासाठी १९७१ चा कायदा आहे. तो सरकारच्या सोयीसाठी केलेला आहे. दिवाणी कोर्टात वर्षे घालवावी लागू नयेत म्हणून खात्यातलाच एक अधिकारी ‘इस्टेट ऑफिसर’ म्हणून नेमतात आणि घर खाली करून घेण्याचे अधिकार त्याला देतात. दिवाणी कोर्टाचा दरवाजा त्या कायद्याने बंद केला आहे. पण कोर्टाचा दरवाजा बंद करताना कायद्याने एक खिडकी उघडी ठेवली. चौथ्या कलमाप्रमाणे इस्टेट ऑफिसरने लेखी नोटीस द्यायची, तीत कारणे लिहायची, उत्तराला वेळ द्यायचा. त्या काळी तो किमान सात दिवसांचा होता. पुरावा आणता येतो, समक्ष म्हणणे मांडायचे असेल तर तशी सुनावणी मागता येते. पाचव्या कलमाप्रमाणे कारणांसह लेखी आदेश काढायचा. नुकसानभरपाई, म्हणजे तो डॅमेज रेंट, ठरवायचा तर सातव्या कलमाखाली वेगळी नोटीस द्यायची आणि हरकती ऐकायच्या. आदेश मान्य नसेल तर बारा दिवसांच्या आत जिल्हा न्यायाधीशांकडे अपील. यातली एकही पायरी आमच्या बाबतीत चढली गेली नव्हती.

राज्य सरकारच्या घरांसाठी आपल्याकडे १९५५ चा वेगळा कायदा आहे. एकाच कामासाठी दिवाणी कोर्ट आणि हा झटपट मार्ग असे दोन रस्ते सरकारच्या हाती असावेत का, यावर वाद झाला होता. १९६७ साली पंजाबचा असाच एक कायदा सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. १९७४ साली मुंबई महापालिकेच्या आणि या १९५५ च्या कायद्याचा प्रश्न आला, तेव्हा मात्र न्यायालयाने तो झटपट मार्ग वैध ठरवला. म्हणजे आज हा मार्ग पक्का आहे. म्हणूनच त्यातल्या पायऱ्यांना महत्त्व आहे. रस्ता छोटा केला म्हणून पायऱ्याही गाळून टाकायच्या, असे होत नाही.

घटनेचे ३११ वे कलम बहुतेक सरकारी नोकरांना ऐकून माहीत असते. बडतर्फ करायचे, नोकरीवरून दूर करायचे किंवा खालच्या पदावर आणायचे तर आधी चौकशी झाली पाहिजे, असे ते सांगते. घराचा त्यात उल्लेख नाही. पण १९६७ सालीच सर्वोच्च न्यायालयाने ओरिसातल्या एका सरकारी महिला डॉक्टरच्या प्रकरणात मोठी गोष्ट सांगून ठेवली. सरकारने त्यांची जन्मतारीख बदलून त्यांना आधीच निवृत्त केले होते. न्यायालयाने म्हटले की आदेश नुसता प्रशासकीय असला, तरी त्याने माणसाचे नुकसान होणार असेल तर त्याला आधी आरोप कळला पाहिजे आणि उत्तर देण्याची संधी मिळाली पाहिजे. १९८५ साली मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांचा ओल्गा टेलिस खटला झाला. न्या. यशवंत विष्णु चंद्रचूड तेव्हा सरन्यायाधीश होते. ज्यांच्यापाशी जागेचा कसलाच कागद नव्हता, त्यांचेही म्हणणे ऐकले पाहिजे, असे त्या निकालात सांगितले गेले. ऐकून घेतल्याने निकाल बदलेल की नाही हा वेगळा प्रश्न. पण ज्याचे घर जायचे आहे त्याच्याशी बोलणे, ही त्याला माणूस मानण्याची खूण आहे, असा त्या विवेचनाचा अर्थ होता. फुटपाथवरच्या त्या लोकांना शेवटी पावसाळा संपेपर्यंतचीच मुदत मिळाली, हेही खरे. वकील अब्बांना म्हणाले होते, ‘फुटपाथवाल्याला विचारायचं, तर फिटरला का नाही?’

अब्बांनी अर्ज लिहिला. खरे तर आम्ही लिहिला. अब्बांचे अक्षर उर्दूत सुंदर, मराठीत अडखळणारे. अर्जात माफी नव्हती आणि दयेची याचनाही नव्हती. तीन मागण्या होत्या. ज्या तक्रारीवरून कारवाई झाली तिची प्रत द्यावी. तपासणीच्या अहवालाची प्रत द्यावी. माझे म्हणणे ऐकल्याशिवाय पगारातून कपात करू नये. एक प्रत आवक शाखेत देऊन पोच म्हणून शिक्का घेतला, दुसरी रजिस्टर एडीने पाठवली. बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात वाटपाचे पत्र होते, त्याच डब्यात ती पोचपावती गेली. दर महिन्याला अब्बा तोच अर्ज पुन्हा देत आणि नवा शिक्का आणत. दर महिन्याला पैसे कापले जात.

पाच महिने असे गेले. मग एक दिवस शिपाई घरी आला आणि कारणे दाखवा नोटीस देऊन सही घेऊन गेला. अम्मी रडू लागली. तिला वाटले घर गेले. अब्बांनी नोटीस दोनदा वाचून घेतली आणि म्हणाले, ‘आता विचारलं. आता सांगू.’

सुनावणीला पुरावा काय न्यायचा, यावर घरात रात्रभर खल झाला. पोटभाडे म्हणजे काय, ते खात्याच्या नियमात लिहिलेले होते, आणि जवळच्या नातेवाइकाबरोबर राहणे हे पोटभाडे मानायचे नाही असेही त्यातच होते. केंद्राच्या सामाईक घरांसाठी २०१७ साली जे नवे नियम झाले, त्यांतही हे स्पष्टीकरण आहे. तेव्हा भाडे घेतले नाही हे सिद्ध करण्यापेक्षा नाते सिद्ध करणे सोपे होते. पण नाते कशाने सिद्ध करायचे? अम्मी आणि खाला सख्ख्या बहिणी. लग्नानंतर दोघींच्या रेशनकार्डांवर दोन वेगळी आडनावे. शेवटी नानीच्या पेटीतून दोन निकाहनामे निघाले. दोन्हींत वधूच्या वडिलांचे नाव एकच होते. ते उर्दूत होते, म्हणून उर्दू शाळेच्या हेडमास्तरांनी मराठी तर्जुमा करून सही-शिक्का दिला. खालूजान खेड्यातून आपले रेशनकार्ड आणि भाईजानचा शाळा सोडल्याचा दाखला घेऊन आले. सरकारी घराच्या भांडणात निकाहनामा उपयोगी पडेल, असे तो लिहिणाऱ्या काझीसाहेबांच्या कधी मनात आले नसेल.

इस्टेट ऑफिसरच्या खोलीत आम्हाला बाहेर बाकावर बसवले होते, दार अर्धे उघडे होते. साहेब तरुण होते. त्यांनी दोन्ही निकाहनामे उलटसुलट पाहिले, तर्जुमा वाचला आणि विचारले, ‘म्हणजे हा तुमच्या मेहुणीचा मुलगा. तो जवळचा नातेवाईक कसा?’ अब्बा म्हणाले, ‘साहेब, माझ्या मुलांना विचारा. ती त्याला भाईजान म्हणतात. आणि नियमात भाचा लिहिलाय, तो कुणाच्या बहिणीचा ते लिहिलेलं नाही.’ समोरचे काका नंतर हसत म्हणाले होते की हा मुद्दा वकिलालासुद्धा सुचला नसता.

त्याच दिवशी साहेबांनी फाइल उघडून तक्रार दाखवली. ते एक निनावी पत्र होते, कॉलनीतल्याच कोणीतरी लिहिलेले. अब्बांनी ते हातात घेतले, शांतपणे वाचले आणि परत दिले. अक्षर त्यांनी ओळखले होते, हे त्यांच्या चेहऱ्यावरून आम्हाला कळले. कोणाचे, ते त्यांनी आम्हाला कधीही सांगितले नाही. अम्मीलाही नाही. पण त्या दिवसापासून ते पुन्हा पूर्वीसारखे कॉलनीतून मान वर करून चालू लागले. आपल्यावर काय लिहिले गेले आहे, ते आता त्यांना माहीत होते. अंधारातला आरोप माणसाला जास्त खातो. उजेडात आला की त्याला उत्तर देता येते.

आदेश एका पानाचा होता. पोटभाड्याचा आरोप सिद्ध होत नाही, वाटप रद्द करण्याची कारवाई मागे घेण्यात येत आहे, कपात थांबवावी. कापलेले पैसे परत मिळायला पुढे सोळा महिने लागले. व्याज मिळाले नाही.

इथवर वाचून कोणी म्हणेल, शेवटी न्याय मिळालाच की. आमचे म्हणणे नेमके इथे सुरू होते. नोटीस येण्याच्या दोन महिने आधी भाईजान घर सोडून गेला होता. त्याला कोणी काही बोलले नव्हते. पण पगार कमी येतो तो आपल्यामुळे, हे त्याला रोज दिसत होते. दुधाचा रतीब अर्धा झाला, धाकटीच्या शाळेची फी राहिली, आणि एका सकाळी तो ‘भिवंडीला काम मिळतंय’ म्हणून गेला. आयटीआयचे शेवटचे सहा महिने राहिले ते राहिलेच. सुनावणीला त्याचा शाळेचा दाखला होता, तो स्वतः नव्हता. आदेश आल्यावर अब्बांनी त्याला बोलावणे पाठवले. तो आला नाही. यंत्रमागावर लागला होता. आज तो नातवंडांचा आजा आहे, सुखी आहे, या गोष्टीचा उल्लेखही करत नाही. पण सातव्या कलमाची ती नोटीस कपातीच्या आधी आली असती, तर तो फिटर झाला असता. नंतर झालेल्या सुनावणीने आमचे पैसे परत दिले. त्याचे वर्ष ती परत देऊ शकली नाही.

म्हणून ‘आधी ऐका, मग ठरवा’ यातला ‘आधी’ हा शब्द आम्हाला फार महत्त्वाचा वाटतो. हा शब्द काही इंग्रजांच्या कायद्याबरोबर आपल्याकडे आला असे नाही. दुसऱ्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय पहिल्याच्या बाजूने निवाडा करू नका, अशी सूचना पैगंबरसाहेबांनी हजरत अली यांना दिली होती, हे आपण मौलवीसाहेबांकडून लहानपणापासून ऐकत आलो आहोत. ऐकत आलो, पण ही गोष्ट कचेरीतही मागायची असते, असे आपल्याला कोणी सांगितले नाही.

याची दुसरी बाजूही मांडली पाहिजे, नाहीतर हे लिहिणे एकतर्फी होईल. घर सोडायची वेळ झाली की ते सोडलेच पाहिजे. आमच्या कॉलनीत निवृत्तीनंतर चार-चार वर्षे क्वार्टर अडवून बसलेली माणसे होती, आणि त्याच वेळी नवे लागलेले हेल्पर बायकापोरांसह नाल्याकाठच्या झोपडीत राहत होते. हा त्या नव्या माणसाच्या हक्कावर डल्लाच होता. उत्तर प्रदेशातल्या माजी मुख्यमंत्र्यांना जन्मभर सरकारी बंगला देणारी तरतूद सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली रद्द केली. २०२१ साली न्यायालयाने स्पष्ट केले की निवाऱ्याचा हक्क म्हणजे निवृत्तीनंतरही सरकारी घरात राहण्याचा हक्क नव्हे. हे योग्यच आहे. अब्बा १९९९ साली निवृत्त झाले. मिळालेल्या मुदतीच्या आत त्यांनी क्वार्टर खाली केले. नळ किती, होल्डर किती, खिडकीच्या काचा किती, याची यादी करून सही घेतली. किल्ली दिल्याची पावती घेतली. वीज आणि पाण्याचा ना-देय दाखला घेतला. अमानत परत करायची ती मोजून, असे ते म्हणाले.

त्या पावतीची किंमत पुढे कॉलनीतल्या इतरांकडे बघून कळली. निवृत्त माणसाची सगळी आशा ग्रॅच्युइटीवर असते : मुलीचे लग्न, गावातले घर, हजची रक्कम. आणि क्वार्टरचा वाद निघाला की खात्याचा हात पहिल्यांदा तिथेच जातो. यावरचे निकाल एका बाजूचे नाहीत, हे नीट समजून घ्यायला हवे. डॅमेज रेंटचा वाद चालू आहे एवढ्यावरून ग्रॅच्युइटी अडवून ठेवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ साली सांगितले आणि व्याजही द्यायला लावले. २००१ साली गोरखपूर विद्यापीठाच्या प्रकरणात पुन्हा तसेच सांगितले. पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही कर्मचाऱ्याची मालमत्ता आहे आणि कायद्याच्या आधाराशिवाय ती हिरावता येत नाही, असे २०१३ सालच्या निकालात आहे. उलट ओएनजीसीच्या २००५ सालच्या आणि स्टील ॲथॉरिटीच्या २०२० सालच्या प्रकरणांत, मुदत संपूनही घर न सोडणाऱ्याच्या देय रकमेतून दंडाचे भाडे वळते करायला न्यायालयाने हरकत घेतली नाही. रेल्वेच्या १९९३ च्या पेन्शन नियमांत तर क्वार्टर खाली होईपर्यंत ग्रॅच्युइटी रोखून ठेवण्याची तरतूदच आहे. निवृत्तीनंतर मुदतीबाहेर क्वार्टर ठेवले तर दर महिन्याला पासचा एक संच रद्द करण्याचा आदेश रेल्वेने १९८२ साली काढला. पण त्याच आदेशात, पास रद्द करण्याआधी कारणे दाखवा नोटीस द्यावी, असेही म्हटलेले आहे. एका पाससाठी जर विचारणा करायची, तर घरासाठी आणि आयुष्यभराच्या कमाईसाठी ती करायलाच हवी. आपल्या खात्याचा नियम कोणता, तो वाचल्याशिवाय दुसऱ्याच्या निकालावर विसंबून घर अडवून ठेवणे धोक्याचे आहे.

दारही योग्य ठोठावले पाहिजे. नोकरीच्या तक्रारींसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण आहे, म्हणून बरेच जण घर खाली करण्याच्या आदेशाविरुद्ध तिथेच धावतात. १९७१ च्या कायद्याखालच्या आदेशात न्यायाधिकरणाला हात घालता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००० साली ठरवले. अपील जिल्हा न्यायाधीशांकडे, तेही बारा दिवसांत. चुकीच्या दारात उभे राहण्यात हे बारा दिवस निघून गेलेले आम्ही पाहिले आहेत.

आणि आता वेळही कमी झाला आहे. २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की निवृत्तीच्या तीन महिने आधीच घर खाली करण्याची आगाऊ नोटीस द्यावी. २०१५ च्या दुरुस्तीने उत्तराची मुदत आवळली. पूर्वी किमान सात दिवस मिळत, आता जास्तीत जास्त सात. २०१९ च्या दुरुस्तीने राहण्याच्या सरकारी घरांसाठी वेगळे कलम आणले. त्यात कारण दाखवायला फक्त तीन कामाचे दिवस. तीन दिवसांत नानीच्या पेटीतून निकाहनामे निघून, त्यांचा तर्जुमा होऊन, खालूजान खेड्यातून येतील काय? आमच्या बाबतीत ते शक्य नव्हते. पण विचारणे मात्र नव्या कलमातही आहे, आणि दाखवलेले कारण विचारात घेऊनच आदेश काढायचा आहे. मुदत लहान झाली, हक्क गेलेला नाही.

१३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने घरे पाडण्याच्या कारवायांबद्दल निकाल दिला. आरोपीचे घर आहे म्हणून ते पाडता येणार नाही. पंधरा दिवसांची नोटीस, समक्ष सुनावणी आणि कारणांसह आदेश हवा, असे त्यात सांगितले. तो प्रश्न सरकारी क्वार्टरचा नव्हता, आणि रस्ता, फुटपाथ अशा सार्वजनिक जागेवरचे अनधिकृत बांधकाम त्यातून वगळलेले आहे. पण तो वाचताना आम्हाला त्या पगाराच्या चिठ्ठीची आठवण झाली. घर लहान असो की मोठे, आपले असो की सरकारचे, त्यात एकटा आरोपी राहत नसतो. त्याची म्हातारी आई, शाळेत जाणारी मुले आणि एखादा परीक्षेला बसलेला भाचाही राहत असतो.

आपल्या समाजातली मुले आज एसटीत आहेत, पोलिसांत आहेत, नगरपालिकेत आणि दवाखान्यांत आहेत. कर्ता पुरुष अचानक गेला की नोटीस त्याच्या बेवेच्या हातात येते, आणि ती इद्दतीत असताना कागद घेऊन जाणार कोण, असा प्रश्न उभा राहतो. कुटुंबाला अशा वेळी क्वार्टरमध्ये काही काळ राहण्याची मुदत बहुतेक खात्यांच्या नियमांत असते. पण ती मागावी लागते, लेखी मागावी लागते. ‘सरकारशी कोण भांडणार’ म्हणून गप्प बसणारी माणसे आपल्याकडे पुष्कळ. आपली बाजू मांडणे हे भांडण नव्हे, एवढे तरी आता आपण घराघरांत सांगू या.

आमच्याकडे येणाऱ्या मुलांना आम्ही सांगतो ते अगदी साधे आहे. वाटपाचे पत्र जपून ठेवा. नातेवाईक राहायला आला तर त्याच दिवशी खात्याला लेखी कळवा आणि पोच घ्या. न वाचलेल्या कागदावर सही करू नका, घरातल्या पोरांनाही करू देऊ नका. नोटीस आली तर ती परत पाठवू नका. घ्या, तारीख लिहा आणि मुदतीत उत्तर द्या. आरोपाची प्रत मागा. सुनावणीला स्वतः जा. आदेश लेखी घ्या. आणि सोडायची वेळ आली की एक दिवसही जास्त न राहता, किल्ली देऊन, पावती घेऊन बाहेर पडा.